हुपरीची आडवाट

माझ्या बहिणीच्या गावाला त्याला मी नेलं. तो माझ्या मागं लागला नव्हता. परवानगी काढली आहे असं तो मला कधीही म्हणाला नव्हता. उलट तो येत नाही म्हणत होता, आणि मी त्याला स्कूटरवर बसवलं.

एवढं सांगायला मला वर्षं लागली. मधल्या काळात कोल्हापूरशेजारच्या गांधीनगरच्या बाजारात आणि आमच्या शाहूपुरीच्या गल्लीत या गोष्टीचं वेगळंच रूप पक्कं झालं. त्या रूपात मी फार चांगला आहे. पाकिस्तानातून आलेल्या एका सिंधी माणसाला जामीन राहिलेला, त्यानं नियम मोडला तरी त्याच्यासाठी पोलिसांपुढं हात जोडणारा म्हातारा. लोक अजून तसंच म्हणतात. मी ते ऐकून घेत आलो. आता ऐकवत नाही.

मी एसटीत वाहतूक नियंत्रक होतो. कोल्हापूरच्या स्टँडवर काचेमागं बसून कुठली गाडी कुठल्या फलाटाला, कुठली उशिरा, कुठली रद्द, हे माईकवर सांगायचं काम. निपाणी, चिकोडी, बेळगाव या गाड्या माझ्या लेखी आजरा-गडहिंग्लजच्या गाड्यांसारख्याच. सीमेचा वाद पेटला की कुणीतरी कुणाच्या गाडीला काळं फासायचं, वरून फोन यायचा, आणि कर्नाटकात जाणाऱ्या गाड्या पुढील सूचना मिळेपर्यंत बंद असं मी सांगायचो. चार दिवसांनी पुन्हा चालू.

माझी धाकटी बहीण हुपरीच्या पुढं, हद्दीपलीकडच्या एका कर्नाटकातल्या खेड्यात दिलेली. तिच्या घरात निम्मं कानडी, निम्मं मराठी. भाचरं मला मामा म्हणायची, पण बहीण आणि तिची सगळी भावकी मला अण्णा म्हणायची. येऊन-जाऊन मीही कानडी बोलायला शिकलो. तिकडचं समदं आपलंच हाय, हद्द चुकून पडलीय, असं ऐकत आम्ही कोल्हापूरकर मोठे झालो. मोर्चात मी घोषणाही दिल्या आहेत. ती समजूत बरोबर की चूक हे सांगायची ही जागा नाही. मला ती परवडत होती, कारण मला कुणी कागद विचारत नव्हतं.

निवृत्त झाल्यावर घरात बसवेना, म्हणून गांधीनगरातल्या एका घाऊक कापडाच्या दुकानात जाऊ लागलो. खेड्यापाड्यांतल्या दुकानदारांचा माल गठ्ठे बांधून एसटीनं पाठवायचा असतो. कुठली गाडी कधी सुटते, कंडक्टर कोण, गठ्ठा कुठं उतरवायचा, हे मला पाठ. मालकाला माझा उपयोग होता आणि मला बसायला जागा.

तो तिथं गठ्ठे बांधायचा. चाळिशीचा, उंच, पाठीत किंचित वाकलेला. सिंधमधल्या एका लहान गावात त्याचं स्वतःचं कापडाचं दुकान होतं. बायको तिकडंच वारली. मुलगी मोठी होऊ लागली आणि तिला शाळेत पाठवायची भीती वाटू लागली, तेव्हा म्हातारी आई आणि मुलगी घेऊन तो यात्रेच्या व्हिसावर इकडं आला आणि परत गेला नाही. तिकडं काय झालं ते तो फारसं सांगायचा नाही. विचारलं तर म्हणायचा, "दादा, सोडा. आता इथं आहे ना."

दुकानाचा मालक सिंधीच, पण त्याचे वडील फाळणीत आलेले. तो एकदा गल्ल्यावर बसून मला म्हणाला, "आमचे वडील आले तेव्हा त्यांना निर्वासित म्हणाले. राहायला बराकी दिल्या, धान्य दिलं. ह्याला काय म्हणतात? फॉरेनर. ह्याच्यासाठी फॉर्मात रकानाच नाही." ते खरं होतं. आश्रयाला आलेल्या माणसासाठी आपल्याकडं वेगळा कायदाच नाही, हे मला पुढं वकिलाकडून कळलं. परदेशी माणसांचा कायदा सगळ्यांना एकच. पर्यटक असो की जीव घेऊन पळालेला असो, सगळे परदेशी. मग सरकार वेळोवेळी आदेश काढून काहींना सवलती देतं. ह्यांना दीर्घ मुदतीचा व्हिसा मिळायचा, तो मुदत संपली की वाढवून घ्यायचा, आणि अशी काही वर्षं नीट गेली की नागरिकत्वाचा अर्ज करायचा. ती वर्षं नीट जाणं हीच त्याची सगळी कमाई होती. मुलीला इथलं माणूस करायचं, एवढंच तो बोलायचा.

त्याची एक सवय होती. खाकी कपडा दिसला की त्याचा हात आपोआप छातीच्या खिशाकडं जायचा. तिथं प्लॅस्टिकच्या पाकिटात घडी घातलेला त्याचा परवाना असायचा. एकदा मी त्याला बसनं रंकाळ्याला नेलं. कंडक्टर जवळ आल्याबरोबर ह्यानं पाकीट पुढं केलं.

कंडक्टर म्हणाला, "काय ओ पावणं, कागद नगं, तिकिटाचं पैसं द्या की. का लग्नाची पत्रिका हाय?"

सगळी बस हसली. तोही हसला, पण पाकीट लगेच आत ठेवलं नाही. कंडक्टर दुसऱ्या सीटवर जाईपर्यंत हातात धरून बसला.

व्हिसाच्या कामाला स्थानिक माणसाची हमी लागत होती. मालकानं एक दिली, दुसरी मी दिली. पेन्शनर माणूस, शहरात घर, कुठं गुन्हा नाही. पोलिसांच्या कार्यालयात त्याच्यासोबत मीच गेलो. तिथल्या हवालदारानं त्याला समजावून सांगितलं ते मी शेजारच्या खुर्चीत बसून ऐकलं.

"हे बगा, आता तुमाला महाराष्ट्रात कुठंबी फिरायची मोकळीक हाय. मुंबईला जावा, गोंदियाला जावा, कोण विचारत न्हाय. पण राज्याभायेर पाऊल टाकायचं असंल तर आदी हितं यायचं, परवानगी घ्यायची. कळलं?"

"कळलं साहेब."

"आजोबा, तुमाला बी कळलं न्हवं? हमी तुमची हाय."

"व्हय की," मी म्हणालो.

त्या हमीचा मला अभिमान वाटायला लागला. तो माझा माणूस झाला. त्याची आई मला कोकी पाठवायची. कांदा-मिरची घातलेली, तव्यावर दाबून दाबून भाजलेली जाड सिंधी रोटी. मुलगी म्युनिसिपालिटीच्या शाळेत जाऊन वर्षभरात अशी कोल्हापुरी बोलायला लागली की ऐकणाऱ्याला खरं वाटू नये. मला आबा म्हणायची. मी गल्लीत सांगत फिरायचो की पोरगी आमच्या पेठेतली शोभते.

बहिणीच्या गावाला दरवर्षी म्हाई असते. देवीची जत्रा, बकरी कापतात आणि ज्याच्या घरी जास्त पावणे त्याची मान वर. बहीण फोनवर म्हणाली, "अण्णा, औंदा एकटाच येऊ नगंस. त्या सिंधी पावण्याला घेऊन ये. बगू तरी कसा हाय."

मी दुकानात त्याला सांगितलं. तो दोरी ओढत होता, थांबला.

"दादा, ते तर कर्नाटकात आहे ना?"

"कसलं कर्नाटक? हुपरीच्या पुढं हाय."

"परवानगी लागेल. उद्या कार्यालयात जाऊन विचारतो."

"अरे, बहिणीच्या घरी जेवायला जायला परवानगी मागायची? तिथला हवालदार हसंल तुला. सकाळी जायचं, जेवायचं, दिवस मावळायच्या आत घरी."

"पुढच्या वर्षी जाऊ, दादा. कागद काढून जाऊ."

तेव्हा मी जे बोललो ते मला शब्दाशब्दानं आठवतं. "माझ्या बहिणीच्या घरचं जेवण तुला नको असंल तर तसं सांग. हमी देताना मी कागद बघत बसलो नव्हतो."

त्यानंतर तो नाही म्हणाला नाही. म्हणणार कसा? त्याच्या सगळ्या कागदांवर माझी सही होती.

त्या दिवसांत सीमेवरून पुन्हा तापलेलं होतं. पलीकडं आमच्या लोकांचा मेळावा होता आणि हायवेच्या नाक्यावर कर्नाटकचे पोलीस गाड्या अडवत होते. स्टँडवर चहा प्यायला थांबलो तर जुना सहकारी म्हणाला, "नाक्यावरनं जाऊ नगा आज. लई तपासाय लागलेत." मी म्हणालो, "मला रस्ते सांगतोस व्हय?" आणि स्कूटर हुपरीच्या अंगाला वळवली. हुपरी ओलांडली की उसाच्या फडांतून एक अरुंद रस्ता थेट बहिणीच्या शिवारात उतरतो. तिथं नाका नाही, पाटी नाही. कुठल्या बांधावर राज्य संपतं ते शेतकऱ्यालाही नीट सांगता यायचं नाही.

हुपरीत पेठेतून जाताना त्यानं मला थांबवलं आणि मुलीसाठी पैंजण बघितले. दारादारांत चांदीचं काम चालू होतं. घेतले नाहीत, येताना घेऊ म्हणाला.

फडांच्या रस्त्याला एका वळणावर दोन बॅरल आणि वर बांबू टाकून पोलिसांनी वाट अडवली होती. मेळाव्याला आडवाटेनं जाणाऱ्यांसाठी. मी स्कूटर थांबवली आणि कानडीत म्हणालो, बहिणीच्या गावाला म्हाईला चाललोय. पोलीस तरुण होता. त्यानं माझं लायसन्ससुद्धा मागितलं नाही. बांबू उचलायला तो वळला होता.

मागं बसलेल्यानं खिशातून पाकीट काढून पुढं धरलं होतं.

कुणी मागितलं नव्हतं. मी वळून बघेपर्यंत पोलिसानं ते हातात घेतलं होतं.

ठाण्यात आम्हाला बाकावर बसवलं. पाकिस्तान हा शब्द एका खोलीतून दुसऱ्या खोलीत जाताना मला ऐकू येत होता. फौजदार आला, त्यानं परवाना दोन्ही बाजूंनी बघितला, आणि मराठी कळत असूनही माझ्याशी कानडीतच बोलला. परवानगीशिवाय राज्यात आलाय, गुन्हा आहे. बरं, हायवे सोडून ह्या वाटेनं का आला? ज्यानं आणला त्याच्यावरही गुन्हा लागतो. हमीदार कोण? तुम्हीच? मग नियम तुम्हाला माहीत असणार. माहीत होता का?

रस्ता मी निवडला होता. स्टँडवर मी केलेली फुशारकी आता चोरी दिसत होती. आणि त्याच महिन्यात माझ्या मुलाचं परदेशी नोकरीला जायचं ठरत होतं. त्याच्या पासपोर्टची पोलीस चौकशी व्हायची होती. बापावर पाकिस्तानी माणसाला चोरवाटेनं नेल्याचा गुन्हा. हे सगळं डोक्यात यायला क्षणही लागला नाही. हे कारण म्हणून सांगतो आहे, सुटका म्हणून नाही. मुलगा नसता तरीही मी बहुधा तेच बोललो असतो. मला भीती वाटली होती.

मी म्हणालो, "ननग गोत्तिल्री." मला माहीत नाही साहेब. परवानगी काढली आहे असं ह्यानंच मला सांगितलं. त्याला हुपरीपलीकडं काम होतं, ह्या रस्त्यानं चला असं तोच म्हणाला. मी म्हातारा माणूस, विश्वास ठेवला.

तो माझ्या शेजारी बसून होता. त्याला कानडीचं एक अक्षर येत नव्हतं. मी इतका वेळ साहेबाशी बोलतोय म्हणजे त्याच्यासाठीच रदबदली करतोय, असं त्याला वाटलं. तो मधेमधे फौजदाराकडं बघून मान डोलवत होता आणि हात जोडत होता.

जबाब कानडीत लिहिला गेला, माझा वेगळा आणि त्याचा वेगळा. त्याचा जबाब माझ्याच बोलण्यावरून. तो प्रत्येक कागद माझ्यापुढं धरायचा, कार्यालयातला असो की मुलीच्या शाळेतला. तसा त्यानं तोही धरला.

"दादा, बरोबर आहे ना?"

"बरोबर आहे," मी म्हणालो. "कर सही."

दुपारी बहीण आणि भाचा डबे घेऊन ठाण्यात आले. तिच्या घरी पावणे ताटकळत होते आणि ती रडत रडत मटण आणि भाकरी वाढत होती. मला म्हणाली, "अण्णा, तू बोललास न्हवं सायबासंगं? सोडतील न्हवं?" मी म्हणालो, बोललो. त्यानं बाकावर बसून जेवण केलं. बोटं चाटून मला म्हणाला, "दादा, तुमच्या बहिणीच्या हाताला चव आहे." त्याला वाटत होतं आता सुटणार.

मला संध्याकाळी जाऊ दिलं. त्याला ठेवून घेतलं. पुढचे काही दिवस मी तालुक्याच्या कोर्टात हेलपाटे घातले, भाच्याच्या जमिनीचा उतारा लावून त्याचा जामीन करवला. हे लोकांनी बघितलं, आणि त्यातूनच माझी ती चांगली गोष्ट तयार झाली. तो सुटून आला त्या दिवशी त्याच्या आईनं माझ्या पायावर डोकं ठेवलं. दुसऱ्या दिवशी कोकी आली. मी खाल्ली.

पुढं वकील म्हणाला, कबूल कर, दंड भर, मिटवून टाक, नाहीतर तारखा संपायच्या नाहीत. हद्द तर ओलांडलीच होती. त्यानं कबूल केलं. पण कबुलीत जबाबाचं सगळंच आलं. व्हिसा वाढवायचा अर्ज गेला तेव्हा कोल्हापूरच्या कार्यालयानं कोर्टाचे कागद मराठीत करून मागवले, आणि अर्ज नामंजूर झाला. हद्द ओलांडली हे एक वेळ चाललं असतं, असं तिथला एक जण मालकाला म्हणाला. पण हमीदाराला खोटं सांगून फसवणारा माणूस म्हटल्यावर वर कोण शिफारस करणार? आई आणि मुलीचे व्हिसा वेगळे होते, ते वाढले. त्याचा अडकला. मालकानं अपील करवलं, ते कुठंतरी पडून राहिलं.

नामंजुरी आणि ते मराठी कागद घ्यायला तो मालकाबरोबर गेला होता, मी नव्हतो. दुसऱ्या दिवशी तो नेहमीसारखा गठ्ठे बांधत होता. मला चहा दिला. दादा म्हणाला. फक्त त्या दिवसापासून त्यानं एकही कागद माझ्यापुढं धरला नाही. बरोबर आहे ना, असं विचारलं नाही. हे माझ्या ध्यानात आलं होतं. ध्यानात आलं नाही असं मी स्वतःला समजावलं.

माझ्या मुलाची चौकशी नीट झाली. तो गेला. त्याच्या कंपनीनं तिकडं त्याची हमी घेतली आणि त्याला राहायचा परवाना मिळाला. फोनवर त्यानं सांगितलं तेव्हा मी पेढे वाटले. तोही पेढा घ्यायला पुढं आला होता.

मग ते वर्ष आलं. काश्मिरात माणसं मारली गेली आणि सरकारनं पाकिस्तानी नागरिकांचे व्हिसा रद्द केले. ह्यांच्यासारख्या हिंदूंचे दीर्घ मुदतीचे व्हिसा वगळले होते. आई राहिली, मुलगी राहिली. पण ज्याच्याकडं चालू व्हिसाच नाही त्याला वगळणार कशातून? त्याला निघून जायची नोटीस मिळाली.

त्यानं जायच्या दिवशी सकाळीसुद्धा दुकानात येऊन राहिलेले गठ्ठे बांधले. स्टेशनवर आई आली नाही, तिला चालवत नव्हतं. मुलगी आली होती. मालक होता, मी होतो. मुलीनं त्याच्या पिशवीची चेन लावली, उघडली, पुन्हा लावली. तिला तो सिंधीत काही सांगत होता. बरोबर जायला दिलेला पोलीस जवळ आला तसा त्याचा हात खिशाकडं गेला. पोलीस म्हणाला, "ऱ्हाऊ दे आता."

गाडीत चढण्याआधी तो माझ्यापुढं उभा राहिला. मला वाटलं पाया पडतोय, म्हणून मी मागं सरलो. तो वाकला नाही. कर्नाटकातले दुकानदार रोज दुकानात यायचे, एवढ्या वर्षांत त्यांच्याशी बोलून तो कानडी शिकला होता, हे मी ऐकून होतो. माझ्याशी मात्र तो त्या भाषेत कधी बोलला नव्हता.

"ननग गोत्तैति, अण्णा," तो म्हणाला.

मला माहीत आहे.

आवाजात राग नव्हता. गठ्ठा कुठल्या गाडीला टाकायचा ते सांगावं तसं सांगितलं. मग मुलीकडं बघून मराठीत म्हणाला, "आबांना घरी सोड. उन्हात उभे आहेत."

अटारीवरून तो पलीकडं गेला. पहिले काही महिने मालकाच्या ओळखीनं निरोप यायचे, मग तेही अवघड झालं. हिवाळ्यात त्याची आई वारली. मालकाच्या पोरानं अग्नी दिला. शेवटच्या दिवसांत मी तिला भेटायला गेलो होतो. ती उशाला टेकून बसली होती आणि मला म्हणाली, तुम्ही होतात म्हणून तो इतकी वर्षं तरी राहिला. मी तिच्या खाटेवर बसून होतो. त्या वेळी सांगितलं असतं तर चाललं असतं. मी पाणी हवं का, असं विचारलं.

मुलगी आता बारावीत आहे. दुकानामागच्या त्यांच्या जुन्या खोलीत राहते, मालकाच्या घरी जेवते आणि सुट्टीच्या दिवशी गठ्ठे बांधते. बापासारखीच दोरीला गुडघा लावून. या उन्हाळ्यात मी तिच्यासमोर जाऊन बसलो आणि सांगितलं. बहिणीचा फोन, तिच्या बापाचं नाही म्हणणं, हुपरीची वाट, ठाणं, मी कानडीत काय बोललो, आणि सही कर म्हणालो ते.

ती गठ्ठा बांधत राहिली. गाठ मारली, दोरीचं टोक दातानं तोडलं.

"बाबांनी मला एवढंच सांगितलंतं," ती म्हणाली, "आबाला त्या दिसाचं काय विचारू नगंस."

तिनं दोरीचं तुटलेलं टोक बाजूला टाकलं.

"आजीला सांगितलासा?"

"न्हाय."

"का न्हाय? तुमच्यासाठी कोकी करायची ती. दिसत नव्हतं तिला, तव्यावर हात भाजायची. मी म्हणायची, आजी, मी करते, तर म्हणायची, त्यांची मीच करणार." तिचा आवाज चढला. दुकानातलं गिऱ्हाईक वळून बघायला लागलं. "एवढं तरी थांबवायचं की ओ तुम्ही. नगं म्हणायचं, मला आवडत न्हाय म्हणायचं. कायबी म्हणायचं."

तिनं दुसरा गठ्ठा पुढं ओढला. मी उठलो तेव्हा तिनं वर बघितलं नाही.

पलीकडच्या तालुक्यातला तो वकील अजून आहे. मी त्याला फोन केला. तो म्हणाला, कबूल झालेली केस उघडणं फार अवघड, पण तुम्ही कोर्टासमोर येऊन प्रतिज्ञेवर खरं सांगितलंत तर फसवणुकीचा शब्द निघू शकतो. तो निघाला तर त्या सिंधी माणसाला पुन्हा अर्ज करायला तोंड राहील. कधी, किती वर्षांनी, सांगता येत नाही. आणि म्हणाला, खोटा जबाब दिल्याबद्दल तुमच्यावर कारवाई होऊ शकते, वय बघून विचार करा. मुलानं परदेशातून फोन केला. "बाबा, आता कशाला उकरून काढताय? तो तर गेला." मी म्हणालो, म्हणूनच. त्यावर त्यानं, इथं माझ्या नावाला काही लागणार नाही ना, असं विचारलं. त्याला मी दोष देत नाही. तो माझाच मुलगा.

वकिलानं बोलावलं त्या सकाळी मी स्टँडवर गेलो. ती तिथं आलेली होती. मी कुठं जातोय ते तिला मालकाकडून कळलं असणार. कॉलेजची बॅग पाठीला, हातात पाण्याची बाटली. फलाटाला कर्नाटकची लाल गाडी लागली होती आणि माझ्या जुन्या खिडकीमागून कुणीतरी नवीन मुलगी माईकवर पुकारत होती.

मला एकदम बरं वाटलं. मी म्हणालो, "आलीस? चल की. वकिलाला तूच नीट सांगशील. दुपारपर्यंत परत..."

ती माझ्याकडं बघत राहिली.

"आबा," ती म्हणाली, "कर्नाटक हाय ते."

मी पुढचं बोललो नाही. काय होतंय, बहिणीचंच गाव वाटेत, हे वाक्य तोंडात तयार होतं. इतकं सगळं होऊनही ते तयार होतं. त्याची मला जेवढी भीती वाटली तेवढी त्या ठाण्यातही वाटली नव्हती.

मी गाडीत चढून खिडकीजवळ बसलो. तिनं खालून बाटली वर दिली. कंडक्टरनं घंटी दिली तेव्हा ती गाडीबरोबर दोन पावलं चालली.

"सही करायच्या आदी वाचून घ्या," ती म्हणाली.

फलाट संपतो तिथं ती थांबली. तिथून पुढं शहरच होतं, हद्दीजवळच्या कागलपर्यंत तिला कुणी अडवलं नसतं. तरी ती थांबली.